दिल्लीची हवा आणि पॉइंटमधली फट

दक्षिण दिल्लीत आउटर रिंग रोडच्या कडेला मुनिरका वसले आहे. एका अंगाला आयआयटी, दुसऱ्या अंगाला जेएनयू आणि मध्ये दाटीवाटीच्या गल्ल्यांचे हे जुने गाव. १९७० आणि १९८०च्या दशकांत दिल्लीच्या अशा कोणत्याही वस्तीत मोटारी म्हणजे प्रामुख्याने अँबॅसडर आणि फिएटच्या वंशातली पद्मिनी. पावसाळी सकाळी त्यांतली एखादी हमखास रुसत असे. स्टार्टर फिरे, इंजिन मात्र पेट घेत नसे. मग बॉनेट उघडले जाई, मुठीएवढ्या एका काळ्या झाकणाच्या दोन क्लिपा बाजूला सारल्या जात, कोरड्या फडक्याने झाकण आतून पुसले जाई आणि पुष्कळदा तेवढ्यावर गाडी सुरू होई. त्या झाकणातून पाच जाड वायरी बाहेर पडत. त्याखालच्या यंत्राचे नाव डिस्ट्रिब्युटर.

आज नव्या मोटारीत हे यंत्र सापडत नाही. तंत्रज्ञान पुढे गेले, जुना भाग गळून पडला, असे त्याचे कारण सहसा दिले जाते. ते खोटे नाही, पण अपुरे आहे. डिस्ट्रिब्युटर ठिणगी देण्यात कमी पडला नव्हता. सुमारे शतकभर त्याने ते काम चोख केले. तो मागे पडला, कारण त्याची चूक हळूहळू वाढत असे आणि ती चूक मोजणारे कोणी नव्हते. दिल्लीच्या हवेचा इतिहास या न मोजलेल्या चुकीशी एका धाग्याने बांधलेला आहे.

या यंत्रामागचे भौतिकशास्त्र मोटारीहून जुने आहे. तारेच्या वेटोळ्यातला प्रवाह एकाएकी तोडला की चुंबकीय क्षेत्र कोसळते आणि शेजारच्या वेटोळ्यात विद्युतदाब निर्माण होतो. मायकेल फॅरडेने १८३१ साली हे प्रवर्तन दाखवून दिले. दुसऱ्या वेटोळ्याचे फेरे पुष्कळ अधिक असतील, तर हा दाब हजारो व्होल्टपर्यंत चढतो. आयर्लंडमधील मेनूथच्या निकोलस कॅलन यांनी १८३६ साली असे प्रवर्तन वेटोळे तयार केले. पुढे पॅरिसच्या हाइनरिश रुमकॉर्फ यांनी त्याला प्रयोगशाळेत प्रतिष्ठा मिळवून दिली. पण त्यात एक अडचण होती. प्रवाह तोडताना संपर्कबिंदूंतच ठिणगी उडे, प्रवाह रेंगाळत तुटे आणि दाब पुरेसा चढत नसे. १८५३ साली इपोलित फिझो यांनी त्या बिंदूंना समांतर एक धारित्र, म्हणजे कंडेन्सर, जोडण्याची युक्ती सुचवली. प्रवाहाला क्षणभर दुसरी वाट मिळाली, संपर्क स्वच्छ तुटू लागला. प्रकाशाचा वेग मोजणाऱ्या फिझोचा हा उपाय पुढे लक्षावधी मोटारींत बोटाच्या पेराएवढ्या डबीच्या रूपाने बसला. जगदीशचंद्र बोस यांनी १८९५च्या सुमारास कोलकात्यात विद्युतचुंबकीय तरंगांचे प्रयोग केले, त्यांतली ठिणगीही अशाच वेटोळ्यातून येत होती.

मोटारीत हे वेटोळे आले तेव्हा आरंभी प्रत्येक सिलिंडरला स्वतंत्र वेटोळे देण्याची रीत होती. १९०८ ते १९२७ या काळात बनलेल्या फोर्डच्या ‘मॉडेल टी’मध्ये लाकडी पेटीत चार वेटोळी असत. अमेरिकेतील डेटनचे चार्ल्स केटरिंग यांनी वेगळा मार्ग धरला. त्यांच्या डेल्को कंपनीची ज्वलनयंत्रणा १९१०च्या कॅडिलॅकमध्ये आली. या मार्गाने पुढे जी रचना रूढ झाली तिच्यात वेटोळे एकच, प्रवाह तोडणारी संपर्कबिंदूंची जोडी एकच, आणि उच्च दाबाची ठिणगी ज्या सिलिंडरची पाळी असेल त्याच्याकडे धाडणारा एक फिरता हात. या वाटपामुळेच यंत्राचे नाव डिस्ट्रिब्युटर, म्हणजे वाटणारा. स्वस्त, सुटसुटीत आणि साध्या अवजारांनी दुरुस्त होणारी ही रचना जगभर टिकली.

भारतात ती याच रूपात आली. वालचंद हिराचंद यांनी १९४४ साली स्थापलेल्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सच्या मुंबईतील कुर्ला कारखान्यात फिएटच्या गाड्या बनत. १९७४पासून त्यांतली एक ‘प्रीमियर पद्मिनी’ या नावाने ओळखली जाऊ लागली. बंगालमधील उत्तरपाडा येथे १९५८पासून अँबॅसडर तयार होत होती. चेन्नईजवळच्या पाडी येथे लुकास-टीव्हीएस ही कंपनी १९६१ साली उभी राहिली आणि मोटारींचे विद्युत भाग देशात बनू लागले. १४ डिसेंबर १९८३ रोजी गुडगावात मारुती ८०० ग्राहकांच्या हाती पडली, तेव्हा तिच्याही इंजिनाला कार्ब्युरेटर आणि डिस्ट्रिब्युटरच होता.

या यंत्राचे निदान ही तर्कशास्त्राची उत्तम तालीम होती. गाडी ‘मिसिंग’ करते, म्हणजे एखाद्या सिलिंडरात ठिणगी चुकते, अशी तक्रार आली की जाणता कारागीर आधी मार्गाचे दोन तुकडे करी. कॉइलमधून निघणाऱ्या मधल्या वायरीला ठिणगी आहे का? असेल, पण प्लगपर्यंत पोहोचत नसेल, तर दोष झाकणात, रोटरमध्ये किंवा प्लगच्या वायरींत. मधल्या वायरीलाच ठिणगी नसेल, तर दोष पॉइंट, कंडेन्सर किंवा खुद्द कॉइलमध्ये. झाकणाच्या आत केसासारखी काळी रेघ दिसली, तर ठिणगीने ओल व धूळ यांच्या आधाराने चुकीच्या दिशेची वाट पाडलेली असे. ती पुसून जात नाही, झाकणच बदलावे लागते. रोटरला सूक्ष्म तडा गेला असेल, तर ठिणगी प्लगकडे न जाता मधल्या दांड्यात उतरे. पॉइंट निळसर-काळे पडले असतील, तर संशय कंडेन्सरवर. प्रत्येक वेळी एकच भाग बदलायचा आणि पुन्हा पाहायचे, हा नियम. दोन भाग एकदम बदलले तर गाडी चालू होई, पण दोष कशात होता ते कधीच कळत नसे.

दुरुस्तीचा गाभा मात्र एका फटीत होता. डिस्ट्रिब्युटरच्या दांड्यावर चार कोपऱ्यांचा कॅम असतो. त्याचा कोपरा पॉइंटच्या टाचेला ढकलतो, पॉइंट उघडतात, प्रवाह तुटतो आणि ठिणगी पडते. अँबॅसडरच्या इंजिनात ही फट पूर्ण उघडल्यावर सुमारे ०.३५ ते ०.४० मिलिमीटर हवी. फिलर गेजची पाती घालून ती जुळवली जाई. मग बारा व्होल्टचा लहान बल्ब जोडून, इंजिन हाताने फिरवून, तो नेमका कोणत्या खुणेवर पेटतो हे पाहिले जाई. बल्ब पेटला तो पॉइंट उघडण्याचा क्षण. खूण चुकत असेल तर डिस्ट्रिब्युटरचे धड किंचित वळवून टायमिंग लावले जाई. एक पाते, एक बल्ब आणि एक पाना एवढ्यात हे काम उरके.

ती फट किती मोलाची होती हे थोड्या गणिताने स्पष्ट होते. चार सिलिंडरांचे इंजिन मिनिटाला ३००० फेरे घेत असेल, तर त्याला मिनिटाला ६००० ठिणग्या लागतात, म्हणजे सेकंदाला १००. दोन ठिणग्यांमध्ये दहा मिलिसेकंद. त्यातला सुमारे दोन-तृतीयांश वेळ पॉइंट मिटलेले असतात आणि तेवढ्यातच कॉइलमध्ये तीन-चार अँपिअरपर्यंत प्रवाह चढून ऊर्जा साठते. याच गतीला इंजिनाचा दांडा एका मिलिसेकंदात १८ अंश फिरतो. म्हणजे ठिणगीची वेळ एका अंशाने चुकणे म्हणजे सुमारे ५५ मायक्रोसेकंदांची चूक. ही अचूकता अवलंबून होती कॅमवर अखंड घासणाऱ्या एका लहानशा टाचेवर. टाच झिजली की फट अरुंद होते, पॉइंट उशिरा उघडतात आणि ठिणगी मागे पडते. दांड्याची बुशिंग सैल झाली की प्रत्येक ठिणगीची वेळ थोडी निराळी. गाडी बंद पडत नाही, फक्त थोडी जड चालते आणि थोडे अधिक पेट्रोल पिते. ही चूक रोज वाढत असते, पण ती जाणवते काही हजार किलोमीटरनंतर.

ठिणगी पूर्णच चुकली तर काय होते? सिलिंडरात आलेले पेट्रोल न जळता तसेच धुराड्यातून बाहेर पडते. इंजिन मोकळे, मिनिटाला ८०० फेऱ्यांनी चालत असताना एका सिलिंडराला मिनिटाला ४०० ठिणग्या हव्यात. तो सिलिंडर मेला, तर पेट्रोल-हवेचे ४०० घोट मिनिटाला न जळता रस्त्यावर येतात. हे सारे हायड्रोकार्बन. आणि इथेच मोजमापाचा प्रश्न उभा राहतो. १९८९च्या केंद्रीय मोटार वाहन नियमांनी चालू गाड्यांच्या धुराला मर्यादा घातली; चारचाकी पेट्रोल गाडीसाठी ती होती मोकळ्या इंजिनावर तीन टक्के कार्बन मोनॉक्साइड. पण कार्बन मोनॉक्साइड हा अर्धवट जळण्याचा पुरावा आहे, मुळीच न जळण्याचा नव्हे. चुकलेल्या ठिणगीने त्याचे प्रमाण वाढत नाही. न जळलेल्या हवेच्या मिश्रणाने ते उलट पातळ होते. म्हणजे डिस्ट्रिब्युटर बिघडलेली गाडीही ‘प्रदूषण नियंत्रणात’ असल्याचे प्रमाणपत्र मिळवू शकत होती. चालू गाड्यांच्या तपासणीत हायड्रोकार्बनची मर्यादा आली ती ऑक्टोबर २००४पासून.

दिल्लीच्या काळवंडलेल्या हवेचा दोष एकट्या पॉइंटवर टाकणे अन्यायाचे ठरेल. डिझेलच्या बसगाड्या, टू-स्ट्रोक रिक्षा, वीजकेंद्रे आणि धूळ यांचा वाटा मोठा होता. पण नव्या उपायांना मात्र पॉइंटची चूक परवडणारी नव्हती. १ एप्रिल १९९५पासून चार महानगरांत नव्या पेट्रोल मोटारींना उत्प्रेरक परिवर्तक सक्तीचा झाला. न जळलेले पेट्रोल या परिवर्तकात शिरले की तिथेच जळते, त्यातली सिरॅमिकची जाळी बेसुमार तापते आणि परिवर्तक कायमचा निकामी होतो. धूर स्वच्छ करणारे महागडे उपकरण एका झिजलेल्या टाचेच्या भरवशावर ठेवता येत नव्हते. एम. सी. मेहता यांच्या याचिकेवर २९ एप्रिल १९९९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने राजधानी क्षेत्रातील नव्या मोटारींसाठी १ जून १९९९पासून युरो-१ आणि १ एप्रिल २०००पासून युरो-२ मानके लागू करण्याचा आदेश दिला. कार्ब्युरेटर मागे पडला, संगणक-नियंत्रित इंधन-फवारणी आली. अनेक गाड्यांत डिस्ट्रिब्युटर नावापुरता राहिला. त्याच्या पोटातले पॉइंट जाऊन तिथे न घासणारा संवेदक बसला. पुढे वाटपाचे कामही संपले आणि प्रत्येक प्लगवर स्वतंत्र कॉइल आली. ‘मॉडेल टी’ची एका सिलिंडराला एक वेटोळे ही जुनी रीत शंभर वर्षांनी परतली, फरक इतकाच की आता प्रवाह तोडतो तो ट्रान्झिस्टर, आणि त्याला झिजणारी टाच नाही.

मोजमापाचा प्रश्नही त्याच वाटेने सुटला. १ एप्रिल २०१३पासून भारतातील नव्या मोटारींना ऑन-बोर्ड निदानाचा दुसरा टप्पा लागू झाला. ठिणगी चुकली की इंजिनाच्या दांड्याची गती क्षणभर किंचित मंदावते. हा फरक संगणक टिपतो आणि चालकासमोर दिवा लावतो. जी चूक पूर्वी कारागिराच्या कानाला ऐकू येई आणि प्रमाणपत्राला दिसत नसे, ती आता प्रत्येक फेऱ्याला मोजली जाते.

दरम्यान जुन्या गाड्या रस्त्यावरून ओसरल्या. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने २६ नोव्हेंबर २०१४ रोजी दिल्लीत १५ वर्षांहून जुन्या गाड्यांना मनाई केली. पेट्रोल गाड्यांसाठीची ही मर्यादा सर्वोच्च न्यायालयाने २९ ऑक्टोबर २०१८ रोजी उचलून धरली, आणि त्यानंतरही हा वाद न्यायालयात येत राहिला. मुंबईत ऑक्टोबर २०२३च्या अखेरीस शेवटच्या पद्मिनी टॅक्सीची मुदत संपली. पॉइंट घासून, पाते घालून टायमिंग लावणाऱ्या हातांना यापुढे फारसे काम उरणार नाही. स्वच्छ हवेच्या बदल्यात हे नुकसान सोसण्याजोगे आहे, हे मान्य करायलाच हवे.

तरी त्या हातांची एक शिकवण टिकावी. पडद्यावर उमटणारा दोषसंकेत ‘तिसऱ्या सिलिंडरात ठिणगी चुकते’ एवढेच सांगतो. ती प्लगमुळे चुकते, कॉइलमुळे की इंधनामुळे, हे तो सांगत नाही. तिसऱ्याची कॉइल पहिल्यावर चढवून पाहावी. दोष तिच्याबरोबर सरकला तर कॉइल सदोष, जागीच राहिला तर शोध पुढे चालू. मार्गाचे तुकडे करणे आणि एका वेळी एकच गोष्ट बदलणे ही रीत डिस्ट्रिब्युटरपूर्वीही होती आणि त्याच्यानंतरही तीच आहे. मुनिरक्याच्या दोन्ही अंगांच्या प्रयोगशाळांत आजही उपकरण बिघडले की शोध याच पायरीपासून सुरू होतो.