फ्लोचार्टची कुळकथा

ज्या घरीं संगणकशास्त्र घेतलेला अकरावी-बारावीचा विद्यार्थी आहे, त्या घरांतील वडील मंडळींनीं त्याच्या वहींत एक विशिष्ट प्रकारचें चित्र पाहिलें असेल. वरच्या टोकाला ‘आरंभ’ असें लिहिलेला लंबगोल, त्याच्या खालीं एकाखालीं एक काटकोन चौकोन, मध्येंच शंकरपाळ्याच्या आकाराची एक चौकट, तिच्या एका कोपऱ्यापाशीं ‘होय’ व दुसऱ्यापाशीं ‘नाहीं’, आणि सर्वांस जोडणारे बाण. ह्यासच फ्लोचार्ट म्हणतात. प्रोग्रॅम कसा चालावयाचा ह्याचा आधीं नकाशा काढावा व मग त्यावरून तो लिहावा, अशी ही शिस्त. निदान पुस्तकांत ती तशी सांगितलेली असते. प्रत्यक्षांत काय होतें तें प्रत्येक शिक्षकास ठाऊक आहे. मुलगा आधीं प्रोग्रॅम लिहितो, तो चालतो कीं नाहीं हें पाहतो, आणि जर्नल सहीसाठीं द्यावयाच्या आदल्या रात्रीं त्या प्रोग्रॅमवरून फ्लोचार्ट उतरवितो. मीहि विद्यार्थिदशेंत हेंच केलें. चौकटी आंखावयाचा प्लास्टिकचा साचा तेव्हां मिळत असे. तो आमच्या वर्गांत एकाजवळ होता व परीक्षेच्या आठवड्यांत त्याला फार भाव येई. पुढें शिक्षक झाल्यावर गेलीं तीस वर्षें अशाच उलट्या क्रमानें काढलेल्या चित्रांवर मी सह्या करीत आलों आहें.

ही लबाडी मुलांची कीं चित्राची, असा प्रश्न मला अलीकडे पडूं लागला, आणि त्याच्या मागें लागून मी ह्या चित्राच्या जन्मापर्यंत जाऊन पोंचलों.

काम चित्रांत मांडण्याची कल्पना संगणकाहून जुनी आहे. अमेरिकेंतील फ्रँक गिल्ब्रेथ हे मूळचे गवंडी. वीट उचलून भिंतींत बसवितांना हाताच्या किती हालचाली होतात व त्यांतल्या किती व्यर्थ असतात, हें मोजण्याचा त्यांस छंदच जडला होता. त्यांनीं व त्यांच्या पत्नी लिलियन यांनीं १९२१ सालीं तेथील यंत्रशास्त्रज्ञांच्या संस्थेपुढें कामाचे टप्पे खुणांनीं दाखविणारा तक्ता मांडला, आणि कारखान्यांतून ती रीत हळूहळू रूढ झाली. परंतु कारखान्यांतील माल एका टप्प्यावरून पुढच्या टप्प्यावर गेला म्हणजे सहसा मागें येत नाहीं. यंत्रावरील गणिताचें तसें नाहीं. तेथें त्याच त्या पायरीवर शेंकडों वेळां परत यावें लागतें.

१९४६ च्या फेब्रुवारींत फिलाडेल्फिया येथें जगापुढें आलेल्या एनिॲक नांवाच्या यंत्रास नवें गणित घालावयाचें म्हणजे तारा उपटून दुसरीकडे खोंचाव्या लागत व बटनें फिरवावीं लागत. हें काम मुख्यत्वें सहा तरुण स्त्रियांकडे होतें. त्याच सुमारास प्रिन्स्टनच्या इन्स्टिट्यूट फॉर ॲडव्हान्स्ड स्टडी ह्या संस्थेंत जॉन व्हॉन न्यूमन व हर्मन गोल्डस्टाइन हे एका वेगळ्या यंत्राची आंखणी करीत होते. त्यांत आंकड्यांप्रमाणें आज्ञाहि यंत्राच्या स्मृतींतच राहावयाच्या होत्या. अशा यंत्राकरितां गणित कसें मांडावें हें सांगणारा त्यांचा अहवाल तीन खंडांत निघाला. पहिला १९४७ च्या एप्रिलांत व पुढचे दोन १९४८ सालीं. आजच्या फ्लोचार्टचें मूळ ह्या अहवालांत आहे.

त्यांची अडचण एका सोप्या उदाहरणानें समजेल. एकापासून शंभरापर्यंतच्या संख्यांची बेरीज करावयाची आहे. यंत्रांत दोन खण घेऊं. एकास ‘न’ म्हणूं, दुसऱ्यास ‘स’. आरंभीं न मध्यें १ व स मध्यें ० ठेवूं. मग विचारावयाचें, न हा शंभराहून मोठा झाला काय? झाला नसेल तर स मध्यें न मिळवावा, न एकानें वाढवावा, आणि पुन्हा त्याच प्रश्नाशीं यावें. झाला असेल तर थांबावें. कागदावर ह्या चार-पांच ओळी. पण यंत्र त्याच ओळींतून शंभर वेळां जातें, आणि दर वेळीं न चा अर्थ निराळा असतो. बीजगणितांत वाढलेल्या माणसास ‘न बरोबर न अधिक एक’ हें वेड्याचें बोलणें वाटेल. व्हॉन न्यूमन व गोल्डस्टाइन यांनीं स्पष्टच म्हटलें कीं, यंत्राच्या भाषेंत गणित उतरविणें म्हणजे शब्दास शब्द ठेवून केलेलें भाषांतर नव्हे. अक्षरें जागच्या जागीं राहतात आणि अर्थ मात्र बदलत जातो. तो बदलता अर्थ डोळ्यांस दिसावा म्हणून हें चित्र निघालें.

त्या चित्रांत आज्ञांच्या चौकटी होत्या व प्रश्नांच्याहि होत्या. ‘न + १ यास आतां न म्हणावें’ असें नामांतर सांगणाऱ्या चौकटी निराळ्या होत्या. आणि ह्यांखेरीज आणखी एक जात होती, तिच्याकडे वाचकांनीं विशेष लक्ष द्यावें. ह्या चौकटींत यंत्रानें कांहींच करावयाचें नसे. गणित चित्रांतल्या ह्या जागीं येऊन पोंचलें असतां अमुक गोष्ट खरी असते, एवढें विधान तींत लिहिलेलें असे. आपल्या उदाहरणांत प्रश्नाच्या चौकटीपाशीं असें विधान लिहितां येईल: ‘न च्या अलीकडील सर्व संख्यांची बेरीज स मध्यें आहे.’ पहिल्या फेरीस पाहा, पन्नासाव्या फेरीस पाहा, हें विधान खरेंच असतें. आणि न हा १०१ होऊन गणित थांबतें त्या वेळीं तेंच विधान सांगतें कीं, शंभरापर्यंतची बेरीज हातीं आली.

चित्र काढणें हें डोक्याचें काम व त्यावरून आज्ञा लिहिणें हें पुढचें सरधोपट काम, असा त्या दोघांचा समज होता. तो फार दिवस टिकला नाहीं. एनिॲकवर १९४८ च्या वसंतांत अणूंच्या न्यूट्रॉनांविषयीं जें मोठें गणित चाललें, त्याच्या आज्ञा लिहिण्याचें काम व्हॉन न्यूमन यांच्या पत्नी क्लारा यांनीं पुष्कळ अंशीं केलें, आणि त्या कामांत मूळ चित्र अनेकदां बदलावें लागलें. लिहितांना विचार होतो व विचार झाला कीं नकाशा फिरतो; हा अनुभव लेखणी हातीं धरणाऱ्या कोणासहि नवा नाहीं.

विधानांच्या चौकटीचें महत्त्व सर्वांत स्पष्ट ओळखलें तें ॲलन ट्यूरिंग यांनीं. १९४९ च्या जूनमध्यें केंब्रिज येथें वाचलेल्या एका छोट्या निबंधांत त्यांनीं प्रश्न केला, मोठा प्रोग्रॅम बरोबर आहे हें तपासावें कसें? त्यांनीं दृष्टान्त दिला तो लांबलचक बेरजेचा. हातचे लिहिलेले नसतील तर तपासणाऱ्यास सारी बेरीज पुन्हा करावी लागते. हातचे लिहिलेले असतील तर एकेक रकाना निरनिराळा तपासतां येतो. प्रोग्रॅमच्या चित्रांत जागोजाग लिहिलेलीं विधानें म्हणजे हे हातचे होत. दुर्दैवानें ह्या निबंधाकडे पुष्कळ वर्षें कोणाचें लक्ष गेलें नाहीं. १९६७ सालीं रॉबर्ट फ्लॉइड यांनीं फ्लोचार्टच्या बाणांवर विधानें लिहून प्रोग्रॅमची सिद्धता कशी द्यावी हें दाखविलें, तेव्हां तो विचार पुन्हा उजेडांत आला. पण तोहि पंडितांच्या वर्तुळांत.

शाळा-कॉलेजांत मात्र फ्लोचार्ट दुसऱ्या वाटेनें शिरला. कचेऱ्यांतून संगणक आले, त्यांच्या विक्रेत्यांनीं साचे वांटले, चौकटींचे आकार ठरले. १९८५ च्या आंतरराष्ट्रीय मानकांत तर प्रत्येक आकाराची व्याख्या आहे. विधानाची चौकट ह्या प्रवासांत गळाली. टीप लिहावयाची कंसासारखी एक खूण तेवढी उरली. गंमत अशी कीं, साठाव्या दशकाच्या मध्यास अमेरिकेंत ऑटोफ्लो नांवाचा एक प्रोग्रॅम विकावयास आला. तयार प्रोग्रॅम त्यास दिला म्हणजे तो फ्लोचार्ट काढून देई. आदल्या रात्रीं जर्नल पुरें करणाऱ्या आमच्या मुलांचा हा धंदेवाईक थोरला भाऊच म्हणावयाचा!

अशा चित्राची पत उतरावी ह्यांत नवल नाहीं. १९७५ सालीं फ्रेडरिक ब्रूक्स यांनीं आपल्या गाजलेल्या पुस्तकांत फ्लोचार्टचें स्तोम माजविल्याबद्दल कडक टीका केली. १९७७ सालीं बेन श्नायडरमन व त्यांच्या सहकाऱ्यांनीं विद्यार्थ्यांवर प्रयोग केले, तेव्हां तपशीलवार फ्लोचार्टाचा म्हणण्यासारखा फायदा दिसला नाहीं. दिसावा तरी कसा? जें ओळींत आहे तेंच चौकटींत पुन्हा लिहिलें, तर वाचणाऱ्यास अधिक काय मिळणार? उलट बाजूचाहि पुरावा आहे. १९८९ सालीं डेव्हिड स्कॅनलन यांच्या प्रयोगांत, अटींच्या गुंतागुंतीचा प्रोग्रॅम विद्यार्थ्यांस चित्रावरून लवकर समजला. अलीकडे चालतीं चित्रेंहि निघालीं आहेत. अमेरिकेच्या वायुसेनेच्या ॲकॅडमींत रॅप्टर नांवाचें साधन तयार झालें. त्यांत नवशिका फ्लोचार्ट काढतो व यंत्र एकेक चौकट उजळीत तोच चालवून दाखवितें.

आपल्याकडे टाटा मूलभूत संशोधन संस्थेंत टिफ्रॅक १९६० त सुरू झाला, कानपूरच्या आय. आय. टी. त आय. बी. एम. १६२० हें यंत्र १९६३ त आलें. त्या काळीं यंत्राचा वेळ सोन्याच्या भावाचा. कार्डांचा गठ्ठा द्यावा आणि उत्तराची वाट पाहावी. कागदावर आधीं विचार करणें तेव्हां भागच होतें. आज प्रत्येक मुलापुढें यंत्र आहे व चूक फुकट झाली आहे. चित्र आधीं काढण्याचें बाह्य कारण त्याबरोबर संपलें. अभ्यासक्रमांत नियम तेवढा राहिला.

मागील वर्षीं माझ्या वर्गांत तालुक्याच्या गांवाहून आलेली, मराठी माध्यमांत शिकलेली एक मुलगी होती. इंग्रजी आज्ञांपाशीं ती अडखळे, पण बाणावरून बोट फिरवून काय चाललें आहे तें अचूक सांगे. वर सांगितलेल्याच बेरजेचा तिचा प्रोग्रॅम ५०५० च्या ऐवजीं ४९५० उत्तर देत होता. फ्लोचार्ट अर्थात् मागाहून काढलेला, त्यामुळें प्रोग्रॅममधील चूक त्यांत सुबक अक्षरांत उतरली होती. मीं तिला चूक दाखविली नाहीं. शंकरपाळ्यांत शिरणाऱ्या बाणाशेजारीं, येथें आल्यावर स मध्यें काय असतें तें आपल्या मराठींत लिही, एवढेंच सांगितलें. तिनें लिहिलें, ‘न पर्यंतची बेरीज.’ मग आरंभींचे आंकडे घालून पाहिले. न एक आणि स शून्य. तें खोडून तिनें लिहिलें, ‘न च्या अलीकडची बेरीज.’ नंतर बराच वेळ ती कांहीं बोलली नाहीं. तिच्या शंकरपाळ्यांत प्रश्न होता, न शंभर झाला काय? “सर, म्हणजे मी नव्याण्णवापाशींच थांबतें आहें,” ती म्हणाली. ह्या एका ओळीस आम्हांला वीस मिनिटें लागलीं, आणि पुढचे विद्यार्थी दारांत खोळंबले.

प्रॅक्टिकलच्या दिवशीं बाहेरून आलेल्या परीक्षकांनीं तिच्या जर्नलांतील त्या ओळीखालीं लाल शाईनें प्रश्नचिन्ह काढलें. ही चौकट कोणत्या आकाराची, असें त्यांनीं तिला विचारलें. आकार नाहीं, ती म्हणाली. यंत्राला ती लागतच नाहीं, मला लागते.