स्वप्रतिमेच्या युगातील व्यक्तिचित्र : मराठवाड्याच्या संदर्भात एक विचार

प्रस्तावना

ऑक्सफर्ड शब्दकोशाने २०१३ साली ‘सेल्फी’ हा वर्षाचा शब्द म्हणून निवडला. मोबाईलच्या कॅमेऱ्याने प्रत्येकाला स्वतःचा प्रतिमाकार केले. अशा काळात व्यक्तिचित्राचे प्रयोजन काय उरते, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

प्रतिमेवरील ताबा

१९४८ पर्यंत नांदेड व लातूरचा परिसर हैदराबाद संस्थानात होता. सहावे निजाम महबूब अली खान यांचे दरबारी छायाचित्रकार लाला दीनदयाळ (१८४४–१९०५) यांनी १८९२ मध्ये हैदराबादेत पडदानशीन स्त्रियांसाठी स्वतंत्र स्टुडिओ काढला. तेथे छायाचित्रे घेणारीही स्त्रीच होती. आपल्याला कोणी पाहावे हे ठरविण्याची इच्छा मोबाईलने निर्माण केलेली नाही. पूर्वी ती मूठभर प्रतिष्ठितांनाच पुरविता येई, एवढाच फरक.

दुसऱ्याची नजर

याउलट सावंतवाडीचे सावळाराम हळदणकर (१८८२–१९६८) यांचे ‘ग्लो ऑफ होप’ हे जलरंगचित्र पाहावे. म्हैसूरच्या जगनमोहन राजवाड्यातील या चित्रासाठी त्यांची कन्या गीता हाती दिवा घेऊन तासन्‌तास उभी राहिली होती. ज्योतीआड धरलेल्या बोटांतून झिरपणारा आणि चेहऱ्यावर पसरणारा प्रकाश तिला स्वतःला दिसणे शक्य नव्हते. तो पित्याला दिसला. सेल्फीत पाहणारा आणि पाहिला जाणारा एकच असतो. व्यक्तिचित्रात मात्र दुसऱ्याने दिलेला वेळ साठविलेला असतो.

मराठवाड्यातील आजचे वास्तव

आपल्याकडील शहरांत हाताने रंगविलेल्या फलकांची जागा फ्लेक्सने घेतली आणि चेहरा रंगविणाऱ्या हातांचे काम आटले. तरीही दिवंगत आईवडिलांचे चित्र करून घेण्यासाठी कुटुंबे चित्रकाराकडे येतात. अनेकदा लग्नातील समूहछायाचित्रातून कापलेला अस्पष्ट चेहराच तेवढा हाती असतो. जिने कधी सेल्फी काढला नाही, त्या आईचा वर्ण, कुंकवाचा आकार, पदराची पद्धत चित्रकाराला मुलांना विचारून घ्यावी लागते. ते चित्र कुटुंबाच्या स्मृतीची साक्ष ठरते.

निष्कर्ष

स्वप्रतिमांच्या विपुलतेने साम्याचे मोल कमी झाले. दखलीचे मोल मात्र वाढले. म्हणून स्थानिक चित्रकारांची अशी चित्रे प्रादेशिक इतिहासाची साधने मानून महाविद्यालयांनी त्यांची नोंद करणे अगत्याचे आहे. फ्रेम फुटली की ती चित्रे अडगळीत जातात आणि त्यांबरोबर तो चेहराही.