साठवण आणि जतन

फोनवर 'जागा शिल्लक नाही' असं आलं की आपण बायका काय करतो? चार 'सुप्रभात' पुसतो अन् पुन्हा साठवायला लागतो. ही सवय काही फार जुनी नाही.

१९५६ साली आयबीएमने पहिली हार्ड डिस्क आणली. कपाटाएवढ्या त्या यंत्रात जेमतेम ५ एमबी मावायचं. आज एका फोटोलाच तेवढी जागा लागते. पुढे १.४४ एमबीची फ्लॉपी आली. जागा थोडी, म्हणून काय ठेवायचं नि काय पुसायचं हे निवडावंच लागे. १ एप्रिल २००४ रोजी जीमेल आलं, १ जीबी जागा फुकट मिळाली आणि पुसायची गरजच उरली नाही. २०१५मध्ये गूगल फोटोजने फोटोंसाठी अमर्याद जागा दिली. लोकांना सवय लागली, आणि १ जून २०२१पासून ती सवलत बंद झाली. आता जागा हवी तर पैसे मोजा!

साठवणीचा अनुभव आपल्या समाजाला मोठा आहे. मूडबिद्रीच्या बसदीत धवला, जयधवला हे ग्रंथ ताडपत्रांवर शतकानुशतके जपले गेले. पण दीर्घकाळ लोकांना त्यांचं फक्त दर्शन घडे, वाचन नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस नकला करायचं काम सुरू झालं, ते कित्येक वर्षं चाललं. डॉ. हीरालाल जैन यांच्या संपादनाखाली १९३९ साली अमरावतीहून धवलेचा पहिला भाग छापून निघाला, तेव्हा कुठे तो अभ्यासकांच्या हाती पडला.

ज्येष्ठ शुद्ध पंचमीला, म्हणजे श्रुतपंचमीला, पोथ्या बाहेर काढायच्या, पुसायच्या, नव्या वेष्टनात बांधायच्या ही आपली रीत. मला यातलं मर्म असं वाटतं, की पोथी वर्षातून एकदा तरी उघडली जाते. वाळवी, ओल वेळीच दिसते. फोनमधले हजारो फोटो कोण उघडतं? जुनी फ्लॉपी आज सापडली तरी ती लावणार कशात? अपरिग्रह काय फक्त साड्या-दागिन्यांपुरताच?

येत्या श्रुतपंचमीला पोथ्यांसोबत फोनही घेऊन बसूया. नको ते पुसू. आजी, आत्या, मावश्यांचे पन्नास फोटो निवडून छापून घेऊ आणि प्रत्येकामागे नाव, गाव, साल लिहू. नाव नसलेला फोटो नातवंडांच्या हाती गेला, तर त्यातली आजी त्यांना परकी बाईच वाटणार.