अत्युच्च पर्वतीय वैद्यक

सु. २,५०० मी. पेक्षा अधिक उंचीवर विरळ हवेमुळे उद्भवणाऱ्या विकारांचे निदान, उपचार व प्रतिबंध यांचा विचार करणारी वैद्यकाची शाखा. महाराष्ट्रातील सर्वोच्च शिखर कळसूबाई (१,६४६ मी.) या मर्यादेच्या बरेच खाली आहे, त्यामुळे सह्याद्रीत कितीही भटकंती केली, तरी विरळ हवेची सवय होत नाही. पुण्याचा या शाखेशी संबंध आला तो मुख्यत्वे सैनिकी वैद्यकामुळे.

उंचीबरोबर वातावरणीय दाब घटतो व श्वासावाटे मिळणारा ऑक्सिजन कमी होतो. एव्हरेस्टच्या माथ्यावर १९८१ मध्ये एका अमेरिकन वैद्यकीय मोहिमेने मोजलेला दाब २५३ मिमी. होता, म्हणजे समुद्रसपाटीवरील दाबाच्या एक तृतीयांश. शरीर या न्यूनतेशी जुळवून घेते, पण त्यास दिवस लागतात. तेवढा अवधी न मिळाल्यास डोकेदुखी, मळमळ व निद्रानाश ही लक्षणे दिसतात. क्वचित फुप्फुसांत किंवा मेंदूत द्रव साचून (शोफ) रोगी दगावतो. फुप्फुसशोफ हा पूर्वी न्यूमोनियाच समजला जाई. १९६० मध्ये चार्ल्स ह्यूस्टन या अमेरिकन वैद्याने हृदयविकार नसलेल्या निरोगी माणसासही तो होतो, हे निदर्शनास आणले.

पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयात (स्थापना १९४८) पदवी अभ्यासक्रम ऑगस्ट १९६२ मध्ये सुरू झाला. त्यानंतर अवघ्या अडीच महिन्यांनी चीनशी युद्ध पेटले. सपाटीवरील सैनिक घाईने हिमालयात चढविण्यात आले; सवय होऊ देण्यास वेळच नव्हता. शत्रूइतकीच हवाही घातक ठरली. सु. ३,३५० ते ५,५०० मी. उंचीवर नेलेल्या १,९२५ सैनिकांच्या आजाराचे इंदर सिंग व त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेले वर्णन १९६९ मध्ये प्रसिद्ध झाले. इतक्या मोठ्या संख्येवर आधारलेला अभ्यास तोवर झाला नव्हता, आणि तो एका आपत्तीतून झाला, हे विसरता येत नाही. त्यांनी पुरस्कारिलेला मूत्रल औषधाचा (फ्युरोसेमाइड) उपाय मात्र पुढे मागे पडला. आधीच निर्जलित झालेल्या रोग्यास तो अपायकारक ठरू शकतो. निरीक्षणे टिकली, औषध टिकले नाही.

१९८४ पासून सियाचीन हिमनदीवर ठाणी उभी राहिली आणि प्रश्नाचे स्वरूप पालटले. सैनिक आता अशा उंचीवर काही दिवस नव्हे, तर आठवडेच्या आठवडे राहू लागले. ५,८०० ते ६,७०० मी. उंचीवर राहिलेल्या २१ सैनिकांत उजव्या हृदयाचा विकार व अंगावर सूज आढळल्याचे १९९० मध्ये नोंदले गेले. खाली आणल्यावर ते बरे झाले. भारतीय सैन्याच्या प्रचलित पद्धतीत सु. २,७०० मी. वर सहा दिवस, ३,६०० मी. वर चार व ४,५०० मी. वर आणखी चार दिवस थांबून मगच पुढे जातात.

मोहिमेतील वैद्याजवळ ऑक्सिजन, डेक्सामेथासोन, निफेडिपीन व रोग्यास आत ठेवून दाब वाढविता येणारी पिशवी असते. ही साधने वेळ मिळवून देतात; खरा उपचार म्हणजे रोग्यास खाली उतरविणे. शिखर दृष्टिपथात असता परतण्याचा निर्णय घेणे हेच वैद्याचे सर्वांत कठीण काम होय. पुण्याच्या गिरिप्रेमी संस्थेच्या एव्हरेस्ट (२०१२) व कांचनजंगा (२०१९) मोहिमांनंतर उंच हिमालयाचे आकर्षण नागरिकांत वाढले. हिंजवडीतील संगणक-व्यवसायी सकाळी विमानाने निघून त्याच दिवशी लेहला (सु. ३,५०० मी.) उतरू शकतो. १९६२ च्या सैनिकाप्रमाणे त्याच्याही शरीरास पूर्वसूचना मिळालेली नसते. म्हणून पहिले दोन दिवस त्याने विश्रांती घ्यावी व मद्य वर्ज्य करावे, असे सांगितले जाते.