नऊ मिनिटांचं गाणं

आमची माईआत्या लग्न करून रत्नागिरीहून जी निघाली ती थेट इंग्लंडात, लीड्सला. काका तिथल्या इस्पितळात डॉक्टर. सुट्टीत आली की ओटीवर बसून तिकडच्या गोष्टी सांगायची. साल दर खेपेला थोडं मागेपुढे व्हायचं, पण १९८१ पक्कं. त्या वर्षी आतेभावाने ‘टेंटेड लव्ह’ची बारा इंची तबकडी घरात आणली.

ते गाणं वाजवणाऱ्या सॉफ्ट सेलची दोन पोरं, मार्क आल्मंड नि डेव्ह बॉल, लीड्सच्याच पॉलिटेक्निकमध्ये भेटलेली. त्यामुळे आत्याला ती ‘आपल्याच गावची’. गाणं मूळचं साठच्या दशकातलं, ग्लोरिया जोन्सचं. यांनी वादकांना रजा देऊन सिंथेसायझर बसवला. सात इंची तबकडी तीन मिनिटांच्या आतच आटपायची. तेवढ्यात थालीपिठाची एक बाजूसुद्धा धड खरपूस होत नाही, हा आत्याचा हिशेब! बारा इंचीवर मात्र तेच गाणं सुप्रीम्सच्या ‘व्हेअर डिड अवर लव्ह गो’मध्ये शिरायचं आणि जवळजवळ नऊ मिनिटं चालायचं. काका म्हणे सुई अडकली समजून जिना चढून गेले होते. आतेभाऊ हे साफ नाकारतो.

ही लांबण नाचणाऱ्यांच्या पायांसाठी. न्यूयॉर्कचा टॉम मोल्टन सत्तरच्या दशकात क्लबांसाठी गाण्यांतला ठेका वाढवून द्यायचा. एकदा सात इंची कोऱ्या चकत्या संपल्या, म्हणून होजे रॉड्रिग्ज या तंत्रज्ञाने दहा इंचीवर गाणं कोरलं. एवढ्याशा पट्ट्यात ते केविलवाणं दिसायला लागलं! मग खाचा ऐसपैस पसरल्या, आणि आवाज असा दणदणीत आला की पुढे बारा इंचीच रुळली.

१९८२मध्ये ह्यूमन लीग या बँडचा ‘लव्ह अँड डान्सिंग’ हा अल्बमही घरात आला. निर्माता मार्टिन रशंटने त्यांच्याच ‘डेअर’ या अल्बममधली गाणी मिक्सरवर उलटीपालटी केली, टेप कापून पुन्हा जोडली, शब्द बरेचसे गाळले. वेष्टनावर नाव ‘द लीग अनलिमिटेड ऑर्केस्ट्रा’. बॅरी व्हाइटच्या ‘लव्ह अनलिमिटेड ऑर्केस्ट्रा’ला केलेला नमस्कार. आत्याने फक्त शेवटचा शब्द वाचला आणि हातातलं काम टाकून व्हायोलिनांची वाट बघत बसली. एक बाजू संपली, व्हायोलिन काही आलं नाही.

“उलटी कर रे,” ती म्हणाली, “तिकडे असतील.”