आनंदीबाई आणि एक अक्षर

‘ध’चा ‘मा’ करणें हा वाक्प्रचार आपल्याकडे घरोघरीं रुळला आहे. गोदातीरच्या नांदेडांत काय किंवा लातूर-उदगिरीकडे काय, शाळकरी पोरासहि त्याचा अर्थ ठाऊक असतो. आणि अर्थाबरोबर आनंदीबाई पेशवे यांचा अपराधहि तें कायमचा शिकून ठेवतें. परंतु वाक्प्रचार म्हणजे पुरावा नव्हे.

हकीकत अशी. ३० ऑगस्ट १७७३ रोजीं शनिवारवाड्यांत गारद्यांनीं नारायणराव पेशव्यांचा खून केला. रामशास्त्री प्रभुणे यांनीं चौकशी करून दोष ठेवला तो राघोबादादांवर. देहांत प्रायश्चित्त सांगितलें तेंहि त्यांनाच. दादांचें म्हणणें, आपला हुकूम धरण्याचा होता, मारण्याचा नव्हता. मग अक्षर बदललें कोणीं? १८२६ सालीं प्रसिद्ध झालेल्या इतिहासांत ग्रँट डफ सांगतो कीं, मूळ कागद पुढें रामशास्त्र्यांच्या हातीं आला. मात्र बाईंचें नांव घेतांना तो आधार देतो सार्वत्रिक समजुतीचा. खुनानंतर त्रेपन्न वर्षांनीं छापलेली ही समजूत! शिवाय हा बदल दादांनाहि ठाऊक असावा, असा संशय तोच ग्रंथकार व्यक्त करतो. तेवढें मात्र आपण विसरलों.

रोमच्या इतिहासांतहि हाच प्रकार आढळतो. सम्राट ऑगस्टस इ. स. १४ मध्यें पंचाहत्तरी उलटल्यावर वारला. त्याची राणी लिव्हिया हिच्यावरील संशय टॅसिटसनें नमूद केला तो सुमारें शंभर वर्षांनीं. विषारी अंजिरांची कथा डिओनें लिहिली ती दोनशें वर्षांनीं. काळ लोटतो तसा पुरावा वाढत नाहीं, तपशील मात्र वाढतो.

आनंदीबाई निरिच्छ होत्या, असें मला म्हणावयाचें नाहीं. पतीस पेशवाई मिळावी असें त्यांना वाटलें असेल. पण तें दादांनाहि वाटतच होतें. एकदां वर्गांत एका विद्यार्थिनीनें विचारलें, “सर, शिक्षा दादांना सांगितली, तर म्हण बाईंच्या नांवानें कां?” मला चटकन् उत्तर सुचलें नाहीं. अटकेपर्यंतच्या स्वारीचा अभिमान आपणांस सोडावयाचा नव्हता. म्हणून दादांचा कलंक बाईंच्या पदरीं घातला, असें आतां वाटतें.

दादा १७८३ सालीं कोपरगांवीं वारले, बाई १७९४ सालीं. बाईंच्या नांवाची आनंदवल्ली आणि कोपरगांव, दोन्ही गोदावरीच्याच कांठीं. तेंच पाणी पुढें नांदेडच्या घाटांवरून वाहतें. बाईंना निर्दोष ठरविण्याइतका पुरावा मजजवळ नाहीं. पण दोषी ठरविण्याइतका आपणांपैकीं कोणाजवळ आहे?