घराला मीटर लागलं म्हणजे घर कायदेशीर झालं का? गोव्यातील ऑक्युपन्सी आणि वीजजोडणीचा तिढा

मोपा येथील विमानतळावरून जानेवारी 2023 मध्ये उड्डाणे सुरू झाली आणि पेडणे तालुक्यात फ्लॅट, बंगले, भूखंड यांच्या व्यवहारांना वेग आला. सीमेपलीकडच्या सावंतवाडी, दोडामार्ग, बेळगाव भागातील कुटुंबेही गोव्यात घर शोधतात. व्यवहाराच्या वेळी हमखास ऐकू येणारे वाक्य म्हणजे, ‘लाइट-पाणी आहे, घरपट्टी भरतो, मग अडचण कसली?’ अडचण इथूनच सुरू होते.

दोन कागद, दोन प्रश्न

महाराष्ट्रात ज्याला भोगवटा प्रमाणपत्र म्हणतात, त्यालाच गोव्यात सर्रास ‘ऑक्युपन्सी’ म्हणतात. गावात तो दाखला पंचायत देते; पेडणे, डिचोली, साखळी या शहरांत नगरपालिका देते. पंचायत क्षेत्रातील बांधकाम परवान्याचा आधार गोवा पंचायत राज कायदा 1994 मधील कलम 66 हा आहे. बांधकाम संपल्यावर ते मंजूर आराखड्याप्रमाणे झाले का, हे नगर नियोजन खाते पाहते आणि पूर्णत्वाचा दाखला देते. ऑक्युपन्सी त्यानंतर मिळते.

वीजजोडणीचा कायदा वेगळा आहे. वीज कायदा 2003 च्या कलम 43 नुसार जागेचा मालक किंवा तिथे राहणारा अर्ज करू शकतो आणि ठरलेल्या मुदतीत वीज देणे पुरवठादाराला बंधनकारक असते. केंद्राच्या 2024 मधील सुधारित नियमांनुसार अर्ज परिपूर्ण असल्यास ही मुदत नगरपालिका क्षेत्रात 7 दिवस आणि ग्रामीण भागात 15 दिवस आहे. गोव्यात वीज वितरण सरकारी वीज खात्याकडे आहे.

थोडक्यात, ऑक्युपन्सी सांगते की इमारत नियमात आहे. विजेचे बिल एवढेच सांगते की इथे कुणीतरी वीज वापरते. त्यामुळे मीटर, घर क्रमांक किंवा घरपट्टीची पावती यांनी बेकायदा बांधकाम कायदेशीर होत नाही.

न्यायालये काय म्हणतात?

मे 2022 मध्ये दिलीप विरुद्ध सतीश या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने वीज ही मूलभूत गरज असल्याचे सांगितले. घरमालक ना हरकत देत नाही, एवढ्या कारणावरून भाडेकरूला वीज नाकारता येत नाही, असा त्याचा अर्थ.

17 डिसेंबर 2024 रोजी मात्र मेरठमधील बेकायदा बांधकामाच्या प्रकरणात (राजेंद्रकुमार बडजात्या) त्याच न्यायालयाने देशभरासाठी निर्देश दिले. पूर्णत्वाचा किंवा भोगवट्याचा दाखला पाहूनच वीज, पाणी, मलनिस्सारणाची जोडणी द्यावी आणि बँकांनीही तो दाखला तपासून कर्ज द्यावे, असे त्यात म्हटले आहे. 2025 मध्ये कर्नाटकात या निकालामुळे असंख्य नव्या घरांचे वीजअर्ज अडकले आणि सरकारला छोट्या घरांसाठी सवलतीचा मार्ग काढावा लागला.

गोव्यात आरोग्य अधिकाऱ्याच्या ना हरकतीवर ऑक्युपन्सी नसलेल्या घरांनाही वीज-पाणी मिळत आले आहे. अशी जोडणी राहणाऱ्याची सोय आहे. ती बांधकामाला मान्यता देत नाही.

मये: जमीनच आपली नव्हती

बिल्डरकडून फसलेला ग्राहक आणि पिढ्यान्‌पिढ्या राहणारा गावकरी यांचे दुखणे मात्र एक नाही. डिचोली तालुक्यातील मये गाव त्याचे उदाहरण. 1961 मध्ये गोवा मुक्त झाल्यावर येथील पोर्तुगीजकालीन जमीनदाराची मालमत्ता ‘स्थलांतरितांची मालमत्ता’ ठरली आणि 1964 च्या कायद्याखाली कस्टोडियनच्या ताब्यात गेली. गावकरी राहत होते, कसत होते. पण मालकीचा कागद हाती नसल्याने घराच्या साध्या कामासाठीही कस्टोडियनकडे पाहावे लागे. 2014 मध्ये गोवा विधानसभेने खास कायदा करून या जमिनी सरकारकडे घेतल्या आणि राहणाऱ्यांना हक्क देण्याचा मार्ग खुला केला.

भाटकाराच्या जमिनीतील घरांची गोष्टही अशीच आहे. 1975 च्या मुंडकार कायद्याने मुंडकाराला बेदखलीपासून संरक्षण आणि घराची जागा विकत घेण्याचा हक्क दिला. त्याचा निवाडा मामलेदाराकडे होतो. तो पूर्ण झाला नाही तर एक-चौदाच्या उताऱ्यावर भाटकाराचेच नाव राहते आणि प्रत्येक परवान्याला त्याची सही मागितली जाते.

जुनी घरे नियमित करण्यासाठी 2016 चा कायदा आहे. 2025 मध्ये सरकारी आणि कोमुनिदाद जमिनीवरील घरांसाठीही तरतुदी झाल्या. त्यात 28 फेब्रुवारी 2014 पूर्वीचे बांधकाम ही महत्त्वाची अट आहे. नव्या बांधकामांना त्याचा आधार मिळत नाही.

घर घेण्यापूर्वी आणि अडल्यावर

• ऑक्युपन्सी तुमच्याच फ्लॅटची किंवा इमारतीची आहे का, ते पाहा. काही ठिकाणी ती इमारतीच्या एका भागापुरतीच असते.
• मीटर कायम आहे की बांधकामासाठी घेतलेला तात्पुरता, हे बिलावरून तपासा.
• एक-चौदा, जमीन रूपांतराची सनद आणि मंजूर आराखडा यांतील सर्व्हे क्रमांक जुळवून घ्या.
• ऑक्युपन्सी मिळवणे ही रेरा कायद्यानुसार बिल्डरची जबाबदारी आहे. ती टाळल्यास गोवा रेराकडे तक्रार करता येते. सोसायटीला भोगवटा दाखला न देणे ही सेवेतील त्रुटी ठरू शकते, असे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी 2022 मध्ये मुंबईच्या समृद्धी सोसायटीच्या प्रकरणात म्हटले. त्यामुळे ग्राहक आयोगाचा मार्गही आहे.
• पंचायतीने दाखला नाकारल्यास लेखी कारण मागा. अपील पंचायत संचालनालयाकडे होते.
• वीज खात्याने अर्ज अडवल्यास आधी वीजग्राहक तक्रार निवारण मंच, त्यानंतर लोकपाल.

प्रत्येक अर्जाची पोचपावती घ्या. तोंडी ‘होऊन जाईल’ म्हणणारा पुढच्या सुनावणीला हजर नसतो. शिक्का आणि तारीख असलेला कागद असतो.